अभ्यासिकेतल्या पोरांच्या पाठीमागचं कपाट

प्रति,
अध्यक्ष, सचिव आणि कार्यकारी मंडळाचे सर्व सभासद,
गावोगावची सार्वजनिक वाचनालये, महाराष्ट्र

सप्रेम नमस्कार.

मार्च तोंडावर आला की आपल्या सगळ्यांची एकच घाई असते. अनुदानाचा हप्ता नुकताच हातात पडलेला असतो, ग्रंथखरेदीची रक्कम 31 तारखेच्या आत खर्ची घालायची असते आणि पुस्तकविक्रेता छापील यादी घेऊन दोनदा येऊन गेलेला असतो. मग एका संध्याकाळी बैठक बसते आणि चहा येईपर्यंत वर्षभराची पुस्तकं ठरून जातात. दोन-तीन शिवचरित्रं, काही ऐतिहासिक कादंबऱ्या, 'श्रीमंत कसे व्हावे' छापाची भाषांतरं, स्पर्धा परीक्षांचे ठोकळे आणि 'महिला वाचकांसाठी' म्हणून पाककृती. सातारा-सांगलीच्या हद्दीवरच्या एका गावात 'ड' वर्गाच्या, म्हणजे सरकारी वर्गवारीत सर्वांत खालच्या, वाचनालयात मी ग्रंथपाल आहे. ही यादी टाइप करून वर पाठवायचं काम माझंच, त्यामुळं ती चांगली ओळखीची आहे.

या यादीत जे येत नाही, किंवा कधीकाळी येऊन कपाटात कुलूपबंद झालं, त्याबद्दल हे पत्र आहे. गावातल्या पोराचा बाप्या कसा होतो, त्याला कोण मारतं, कशाची लाज वाटते, कुणापुढं तो मान खाली घालतो आणि एकटा असताना काय करतो, हे मराठीत फार चांगलं लिहून ठेवलेलं आहे. मला तर वाटतं, गावाकडच्या बायांबद्दलही इतक्या बारकाईनं लिहिलं गेलेलं नाही. पण ज्या पोरांबद्दल ते लिहिलं, त्यांच्यापर्यंत ते जात नाही, आणि याला फक्त मोबाइल कारण नाही. पुरुषांच्या पुस्तकांवर बाईमाणसानं कशाला बोलावं असं कुणाला वाटलं तर वाटू द्या. रोज त्या पोरांच्या समोर मी बसते.

आपल्या वाचनालयांत आज खरी गर्दी कुठं असते ते तुम्हाला ठाऊक आहे. सकाळी वर्तमानपत्रांच्या टेबलावर म्हातारी माणसं आणि दिवसभर अभ्यासिकेत पोरं. पहाटे पटांगणावर पळून यायचं, डबा खायचा आणि दिवेलागणीपर्यंत खुर्ची सोडायची नाही. पोलीस भरतीच्या पोरांना स्वतःची मापं तोंडपाठ असतात. उंची किमान 165 सेंटीमीटर पाहिजे, छाती न फुगवता 79 आणि फुगवून त्यापेक्षा किमान 5 जास्त. मग 1600 मीटर, 100 मीटर, गोळाफेक. अर्ध्या सेंटीमीटरनं बाद झालेलं पोरगं दोन दिवस घरी तोंड दाखवत नाही. लेखीचं वेगळंच. वय तिशीकडं सरकतं, तसा घरात लग्नाचा विषय निघेनासा होतो, कारण शेतकरी नवरा पोरींनाही नको असतो आणि पोरींच्या आईबापांनाही. डिसेंबर 2022 मध्ये सोलापुरात लग्नाळू पोरांनी बाशिंगं बांधून, घोड्यावर बसून, वाजतगाजत कलेक्टर कचेरीवर मोर्चा नेला होता. लोकांनी त्याचे व्हिडिओ हसत हसत एकमेकांना पाठवले. आमच्या अभ्यासिकेतही ते फिरले. हसलं मात्र कुणी नाही.

आता या पोरांच्या पाठीमागचं कपाट बघा. त्यात 'झोंबी' आहे, 'उपरा' आहे, 'बनगरवाडी' आहे. आणि गंमत म्हणजे पोरांना ही सगळी नावं येतात. मराठी व्याकरणाच्या ठोकळ्यात शेवटी 'साहित्यकृती आणि लेखक' असं पान असतं. झोंबी – आनंद यादव. उपरा – लक्ष्मण माने. उचल्या – लक्ष्मण गायकवाड. दोन्हीकडं लक्ष्मण असल्यानं गल्लत होते, म्हणून क्लासवाले युक्त्या सुद्धा शिकवतात. एका मार्कासाठी पाठ केलेलं पुस्तक चार हातांवर पाठीमागं उभं आहे आणि ते आपल्याच घरातलं आहे, हे त्या पोराला सांगायला कुणी नाही. तिथं तुमचं-माझं काम सुरू व्हायला पाहिजे.

'झोंबी'बद्दल जरा सविस्तर लिहिते, कारण तिच्यावर सर्वांत जास्त अन्याय झालाय असं माझं मत आहे. 1987 साली हे पुस्तक आलं, 1990 चा साहित्य अकादमी पुरस्कार त्याला मिळाला. आपल्याकडं त्याची ओळख एका वाक्यात करून देतात: गरीब पोरगं कष्ट करून शिकलं. वाचन प्रेरणा दिनाच्या भाषणात हे वाक्य फार उपयोगी पडतं. पण पुस्तक उघडलं की पहिल्यांदा अंगावर येतो तो बाप. कागलच्या मळ्यात राबायला पोरगं पाहिजे म्हणून तो शाळा सोडवतो. आणि पाहिजे कशासाठी, तर स्वतःला गावात मोकळं फिरता यावं म्हणून. पोराला शिकायचंय, आईला कळतंय, पण नवऱ्यापुढं तोंड उघडायची तिची छाती नाही. मग मायलेक दोघं रात्री देसाई सरकारांच्या वाड्यावर जातात, सगळं सांगतात, आणि आम्ही येऊन गेलो हे त्यांना कळू देऊ नका अशी विनवणीही करतात. घरातल्या पुरुषाविरुद्ध बाई आणि पोर मिळून कट करतायत, आणि त्यासाठी त्यांना आणखी मोठ्या पुरुषाचा आधार लागतोय. गावातली सत्ता कशी चालते हे शिकवायला यापेक्षा वेगळा धडा नको. सरकार बापाची खरडपट्टी काढतात. बाप कबूल होतो, पण अटी घालून: सकाळी अकरापर्यंत मळ्यात काम, मग शाळा, सुटल्यावर पुन्हा ढोरं, आणि जास्त काम असेल त्या दिवशी शाळा नाही.

हा प्रसंग केंद्रीय बोर्डाच्या बारावीच्या हिंदी पुस्तकात 'जूझ' या नावानं वर्षानुवर्षे आहे. म्हणजे लखनौ-पाटण्याकडच्या पोरांना कागलचे देसाई सरकार माहीत आहेत. कागलपासून दीड-दोन तासांवरच्या माझ्या अभ्यासिकेत नाहीत.

पुढं जे येतं त्यासाठी मी हे पुस्तक पोरांच्या हातात बळंच देते. शाळेत सौंदलगेकर नावाचे मराठीचे मास्तर येतात. कविता गाऊन, हातवारे करून शिकवतात, स्वतःही कविता करतात. आपल्या दारातल्या मालतीच्या वेलावर त्यांनी कविता केलीय, आणि पोरानं तो वेलही बघितलाय, कविताही ऐकलीय. कवी हा आपल्यासारखाच हाडामांसाचा माणूस असतो आणि आपल्या रानातल्या गोष्टींवरही कविता होऊ शकते, हे त्याच्या डोक्यात तिथं उजेडतं. मग उसाला पाणी पाजताना, ढोरं राखताना हे पोरगं मोठ्यानं कविता म्हणायला लागतं. पूर्वी रानात एकटं असलं की त्याला करमायचं नाही, कुणीतरी बोलायला पाहिजे वाटायचं. आता त्याला एकटंच बरं वाटतं, कारण एकटं असलं की गळा सोडून गाता येतं, हातवारे करता येतात, थुईथुई नाचता येतं. बापाच्या हाताखाली ताठ कामकरी गडी व्हायला निघालेलं पोर उसात एकटंच नाचतंय! मराठीत पुरुषपणावर लिहिलेल्या पानांत इतकं मोकळं पान मला दुसरं ठाऊक नाही. आणि हेच पान भाषणात कधी येत नाही.

आमच्याकडं भरतीची तयारी करणाऱ्या एका पोरानं दुपारी लाइट गेली म्हणून हे पुस्तक उघडलं आणि घरी नेलं. परत आणून दिलं तेव्हा म्हणाला, "मॅडम, ह्यातला बाप आमच्यात राहतोय." मग विचारलं, पुढचा भाग आहे का. पुढचे तीन भाग आहेत: 'नांगरणी', 'घरभिंती', 'काचवेल'. आमच्याकडं एकही नाही. तुमच्याकडं आहेत का, जरा रजिस्टर बघा.

याच आनंद यादवांचं 'नटरंग' सुद्धा. 2010 चा सिनेमा तुम्ही सगळ्यांनी बघितलाय, गाणी अजून वरातीत वाजतात, पण कादंबरी वाचलेला माणूस मला क्वचित भेटतो. पिळदार शरीराचा गुणा तमाशात राजा व्हायचं स्वप्न बघतो, आणि फड उभा राहण्यासाठी त्याला नाच्या, म्हणजे बायकी चालीनं नाचणारा गडी, व्हावं लागतं. मिशी जाते, चाल बदलते, कमावलेलं अंग ठरवून उतरवावं लागतं, आणि ज्या गावानं त्या अंगाचं कौतुक केलं तेच गाव त्याला माणसातून उठवतं. घरातसुद्धा तो कुणाचा राहत नाही. कापड आणि चाल बदलली की गाव एखाद्याचं बाप्यापण काढून घेऊ शकतं, तर मग ते त्याच्या मालकीचं होतं तरी कधी, असा प्रश्न ही कादंबरी विचारते. छातीचं माप घेऊन अर्ध्या सेंटीमीटरनं परत पाठवलेल्या पोराला तो लगेच कळतो असा माझा अनुभव आहे. राजन गवसांच्या 'भंडारभोग'मध्ये देवीला सोडलेल्या जोगत्याची गोष्ट आहे, तीही याच जातीची, आणि वाचायला जास्त अवघड. ती मी सगळ्यांना देत नाही.

'बनगरवाडी' मात्र सगळ्यांना देते. व्यंकटेश माडगूळकरांचं 1955 चं पुस्तक, पानं थोडी, भाषा अशी साधी की ठोकळे वाचून थकलेलं डोकंही ती पेलतं. त्यातला मास्तर स्वतःच मिसरूड फुटल्या वयाचा. माणदेशातल्या धनगरांच्या वाडीवर पहिल्याच नेमणुकीवर जातो. शाळेत पोरं नाहीत, म्हातारा कारभारी काय म्हणेल याची भीती. हळूहळू वाडी त्याला आपला मानते, ते कशामुळं? तो कुणाला हरवत नाही की कुणावर ओरडत नाही. लोकांची पत्रं लिहितो, भांडणं ऐकून घेतो, पैशाचे व्यवहार सांभाळतो. ऐकून घेणारा माणूस म्हणून त्याची पत वाढते. पुढं सगळ्यांनी मिळून तालीम बांधायची टूम निघते, वाडीची माणसं अंगमेहनत करून ती उभी करतात, आणि उद्घाटनाला खुद्द राजेसाहेब येतात. हा औंध संस्थानचा मुलूख. सूर्यनमस्काराचा घरोघर प्रसार करणारे राजे ते हेच, हे आमच्याकडच्या म्हाताऱ्यांना सांगावं लागत नाही. म्हणजे शरीर कमावण्याची हौस या पुस्तकातही आहे. पण ती सगळ्या वाडीची मिळून आहे, कुणा एकाच्या दंडाची नाही. नंतर दुष्काळ पडतो, मेंढरं मरतात, माणसं पोटामागं निघून जातात. ज्या गावात तालीम आहे आणि पिण्याच्या पाण्याचा टँकरही येतो, तिथल्या पोरांना याहून जास्त काही समजावून सांगावं लागत नाही.

इथं थोडं कडू बोलते. ग्रामीण म्हटलं की आपल्या समित्यांना विनोदी पुस्तक आठवतं. शंकर पाटील, मिरासदार, माडगूळकर या तिघांच्या कथाकथनानं एक काळ गाजवला आणि ते गाजायलाच हवं होतं. माणसं खरी होती, भाषा खरी होती. पण त्या हशाची आपल्याला सवय लागली. इरसाल म्हातारा, बेरकी पाटील, बावळट पोरगं, बस्स. आजही शाळेच्या स्नेहसंमेलनात गावातलंच पोरगं स्टेजवर डोक्याला मुंडासं बांधून, तोंड वेडंवाकडं करून गावाकडचं बोलणं बोलतं, आणि समोर बसलेला त्याचा बाप, जो घरी तसंच बोलतो, हसतो. त्याच शंकर पाटलांची 'टारफुला' ही कादंबरी काढून बघा. पाटलाच्या माघारी गावात सत्ता कशी चालते, धाक म्हणजे काय, हे त्यात आहे, आणि तिथं हसण्यासारखं फार नाही. ती आमच्या कपाटातून शेवटची कधी बाहेर गेली ते कार्डावरच्या शिक्क्यातूनही वाचता येत नाही, इतका तो पुसट झालाय.

आता त्या कपाटाबद्दल, ज्याला कुलूप असतं. आमच्यासारख्या वाचनालयांत दलित आणि भटक्यांची आत्मकथनं सहसा 'मागणीनुसार' ठेवलेली असतात. म्हणजे मागितली तर द्यायची, आणि मागणार कोण? समितीतली चांगली, जबाबदार माणसं मला सांगतात की त्यात शिव्या आहेत, घाण आहे, पोरींच्या हाती पडायला नको, आणि हळू आवाजात, गावात वाद नको. शिव्यांचं मी मनावर घेत नाही. आपल्या पारावर बसून पंधरा मिनिटं ऐकलं तर कुठल्याही आत्मकथनापेक्षा जास्त शिव्या कानावर पडतात. वादाचं मात्र खरं आहे, आणि म्हणूनच ती पुस्तकं उघड्या कपाटात पाहिजेत.

कारण गावात बालपण एकच नसतं. 'झोंबी'तलं पोर गरीब असलं तरी गावाच्या आतलं आहे. त्याच्या आईला वाड्याची पायरी चढून सरकारांना गाऱ्हाणं सांगता येतं. 'उपरा'तल्या कैकाड्याच्या पोराला गावच नाही. गाढवांवर बिऱ्हाड लादून एका गावाहून दुसऱ्या गावाला जायचं, ओल्या फोकांच्या कणग्या-डालगी विणायची, आणि पाल ठोकू देतील तिथं रात्र काढायची. त्यात बापाला वाटतं पोरानं शिकावं. मला हा बाप 'झोंबी'च्या शेजारी ठेवून वाचायला आवडतो. एकाकडं मळा आहे आणि तो पोराला शाळेतून ओढतो, दुसऱ्याकडं टोपल्या विणण्याशिवाय काही नाही आणि तो पोराला शाळेकडं ढकलतो. 'उचल्या'त लातूरकडच्या पाथरुट जमातीतलं पोर आहे. चोरी करायला शिकवताना तिथं पोरांना घरचेच मारतात, पुढं पोलिसांचा मार पचला पाहिजे, तोंडातून नाव निघता कामा नये म्हणून. आपल्याकडं 'गड्यानं रडायचं नसतं' असं म्हणतो, त्याच्या मुळाशी काय काय असू शकतं बघा. माझ्यासमोर जी पोरं पोलीस व्हायला बसलीत, त्यांनी हे पान भरतीच्या आधी वाचावं असं मला मनापासून वाटतं.

'अक्करमाशी'त शरणकुमार लिंबाळे बापाचं नाव लावण्याच्या प्रश्नावर किती पानं घालवतात! बाप गावातला जमीनदार, आई महाराची. नाव कोणाचं सांगायचं? आणि किशोर शांताबाई काळे यांनी 'कोल्हाट्याचं पोर' लिहिलं ते आईचं नाव मधे लावून. ते साल 1994. सरकारी कागदावर असं नावामधेच आईचं नाव लावणं सक्तीचं करायला आपल्या राज्याला 2024 उजाडलं, तेही 1 मेपासून जन्मलेल्या बाळांसाठी. तमाशात नाचणाऱ्या आईचं पोर डॉक्टर झालं, ही त्या पुस्तकाची नेहमी सांगितली जाणारी बाजू. दुसरी बाजू अशी की त्या बायांच्या कमाईवर बसून खाणारे भाऊ-बाप त्यात आहेत, आणि एका पुरुषानं आपल्याच वस्तीतल्या पुरुषांबद्दल हे लिहिलंय. ते लिहायला काय लागलं असेल, हे गावात राहणारा माणूसच जाणे.

या सगळ्या पुस्तकांत एक खोट आहे, तीही सांगते, नाहीतर मी नुसतीच भलामण करते असं वाटेल. आई आहे, आणि फार मोठी आहे. उद्धव शेळक्यांच्या 'धग'मधली कौतिक तर सगळ्या ग्रामीण कादंबरीला पुरून उरेल. पण बहीण नाही. म्हणजे आहे, पण भावंडं सांभाळायला, शेण काढायला आणि एक दिवस लग्न होऊन जायला. पोराच्या शाळेसाठी सगळं घर पेटतं, त्याच घरातल्या पोरीच्या शाळेचा प्रश्न कुणाला पडतही नाही. त्या बहिणींनी लिहिलेली 'झोंबी' आपल्याकडं नाही. अभ्यासिकेत आता पोरीही येतात, खिडकीजवळच्या रांगेत बसतात. त्यांच्यातल्या एकीनं 'झोंबी' वाचून मला पहिला प्रश्न बहिणींचाच विचारला.

जुनी पुस्तकं झाली. आजच्या पोराचं काय, असं तुम्ही विचाराल. ते कमी आहे, पण आहे. सदानंद देशमुखांची 'बारोमास' (2004 चा साहित्य अकादमी पुरस्कार) बुलढाण्याकडच्या शेतकरी घरातली. एकनाथ एम.ए., बी.एड. आहे, पण शाळेत चिकटायचं तर डोनेशन द्यावं लागतं आणि ते घरात नाही. शिकला म्हणून शेतात त्याचं मन रमत नाही, नोकरी नाही म्हणून घरात किंमत नाही, शहरात वाढलेल्या बायकोला दिलेला शब्द पाळता येत नाही. वीस वर्षं झाली या पुस्तकाला, एम.ए., बी.एड.च्या जागी दुसरी पदवी घाला आणि आमच्या दुसऱ्या रांगेतल्या चौथ्या खुर्चीकडं बघा. नवनाथ गोरे यांच्या 'फेसाटी'ला 2018 चा साहित्य अकादमीचा युवा पुरस्कार मिळाला. जत तालुक्यातल्या दुष्काळी गावातलं, मजुरी करत शिकणारं पोर आहे त्यात. दोन वर्षांनी टाळेबंदीत लेखकाची स्वतःचीच कंत्राटी प्राध्यापकी गेली आणि त्यांना शेतमजुरी करावी लागली, हे वर्तमानपत्रांत आलं होतं, तुम्हीही वाचलं असेल. पुस्तकाच्या बाहेरचं हे प्रकरण मी पोरांना मुद्दाम सांगते. शिकलं की सगळं सुटतं, असं सांगून त्यांना पुस्तक द्यायचं नाही असं मी ठरवलंय. त्यांना ते खोटं कळतं. आणि कृष्णात खोतांची 'रिंगाण', 2023 चा साहित्य अकादमी पुरस्कार. धरणात गेलेल्या गावातून उठवलेली माणसं, आणि मागं राहिलेली म्हैस आणायला परत गेलेला माणूस. माणूस आणि जनावर यांच्यातली एवढी झुंज, तरी त्यात कुठं मर्दुमकीची फुशारकी नाही. बैलगाडा शर्यतीवर न्यायालयानं 2014 मध्ये आणलेली बंदी डिसेंबर 2021 मध्ये उठली, त्या दिवशी आमच्या गावात फटाके वाजले होते. बैलावर जीव टाकणाऱ्या त्या पोरांना 'रिंगाण' द्या आणि मग त्यांच्याशी बोला.

ऐतिहासिक कादंबऱ्या घेऊ नका असं माझं म्हणणं नाही. त्या वाचल्या जातात, वाचल्या जाव्यात. पण पोराच्या हातात पुरुषाचं एकच चित्र राहिलं, घोड्यावरचं आणि तलवारीचं, तर तो ते कुठं लावणार? गाव लढायला सांगत नाही, वाट बघायला सांगतं: पावसाची, निकालाची, मोबदल्याची, स्थळाची. मग तलवार केक कापायला निघते, मोबाइलवर तिचा व्हिडिओ टाकला जातो, पोलीस येऊन घेऊन जातात, आणि भरतीच्या वेळी चारित्र्य पडताळणीत तोच गुन्हा आडवा येतो. हे तालुक्यात घडलेलं तुम्हालाही माहीत आहे. वाट बघणारा, घाबरणारा, बापाशी न बोलता एकाच घरात राहणारा पुरुष ज्या पुस्तकांत आहे, ती त्याच कपाटात त्याच उंचीवर लावली पाहिजेत.

मागणं थोडं आहे. आत्मकथनांच्या कपाटाचं कुलूप काढा. खरेदीच्या बैठकीला अभ्यासिकेतली दोन पोरं आणि एक पोरगी बसवा, त्यांना मत विचारा आणि ते इतिवृत्तात लिहा. 15 ऑक्टोबरला, वाचन प्रेरणा दिनी, पुस्तक हातात धरून फोटो काढण्याऐवजी अर्धा तास मोठ्यानं वाचा. 'बनगरवाडी'ची पहिली काही पानं अर्ध्या तासात होतात, आणि वाचणारा गावातलाच कुणी मेंढपाळ किंवा बैलगाडावाला असला तर पोरं जागची हलत नाहीत. एका पुस्तकाच्या चार प्रती घ्या, म्हणजे चार जणांना एका वेळी एकच वाचता येईल. एकट्यानं वाचलेल्या पुस्तकावर पोरं बोलत नाहीत, चौघांनी वाचलं की चहाच्या टपरीवर विषय निघतो.

आणि एक गोष्ट, जी बिनपैशाची आहे आणि तुम्ही पुढच्याच बैठकीत करू शकता. अनेक ठिकाणी अभ्यासिकेची फी वेगळी आणि वाचनालयाची वर्गणी वेगळी असते. पोरं फी भरतात, खुर्ची, लाइट आणि वाय-फाय वापरतात, पण सभासद नसल्यामुळं त्यांच्या नावावर पुस्तक देता येत नाही. ज्या पोरानं लाइट गेल्यावर 'झोंबी' उघडली, त्याला ते पुस्तक मी माझ्या नावावर दिलं होतं. एकच पावती करा. अभ्यासिकेची फी भरली की तो सभासद, एवढा ठराव पुरतो. आमच्या समितीपुढं तो मी ठेवला आहे. मंजूर झाला तर मसुदा मागेल त्या वाचनालयाला पाठवीन.

आपली,
एका 'ड' वर्ग वाचनालयाची ग्रंथपाल